टकळीचा ळ

१

इस्त्री तापली का हे बघायला बाकीच्या बायका पाण्याचा थेंब टाकतात. तोफ जिभेवर बोट ओलं करायची आणि सरळ इस्त्रीच्या बुडाला लावायची. चर्र झालं की म्हणायची, "उठली बाई!" बोट कधी भाजलं नाही. नणंद म्हणायची, "भाजेल कसं? इस्त्रीच घाबरते तुला."

तोफ हे नाव आईबापांनी नाही, गल्लीनं ठेवलेलं. बाई चौथी शिकलेली, पण तिच्या तोंडाला लागायची कुणाची छाती नव्हती. एखादं गिऱ्हाईक म्हणालं की शर्टाचं बटण तुमच्याकडं तुटलं, तर ते दाराबाहेर पडेपर्यंत त्याच्या पोटाचा घेर, बटणाचा दोरा आणि शिंप्याची अक्कल, सगळ्यांचं माप निघालेलं असायचं. नवरा लांब पल्ल्याच्या ट्रकवर. त्याची थोरली बहीण, म्हणजे तोफेच्या वन्सं, दुकानात धुण्याचं बघायच्या. तोफ इस्त्री बघायची. एका जुन्या इमारतीच्या तळाशी ही लाँड्री, मागं हौद, हौदाच्या वर राहायच्या खोल्या. अख्खा संसार साबणाच्या वासाचा.

आणि एक पोर. हिच्या तोंडाचा पट्टा आईच्याही वरताण. जेवताना, न्हाताना, झोपेतसुद्धा चालू. म्हणून टकळी. मागच्या थंडीत तिला ताप आला. ताप उतरला आणि जाताना आवाज घेऊन गेला. ओठ हलत नाहीत, हुं नाही की चूं नाही.

डॉक्टर म्हणाले, "गळा ठणठणीत आहे."

"ठणठणीत आहे तर वाजत का नाही?" तोफ म्हणाली.

त्याला डॉक्टरकडं औषध नव्हतं. तेव्हापासून टकळी दुकानात आईच्या टेबलाच्या टोकाला बसायची आणि हातरुमालांच्या घड्या घालायची. तोफ गिऱ्हाइकांशी दुप्पट भांडायची. घरातला आवाज एकानं कमी झाला, तर दुसऱ्यानं तो भरून काढायला नको?

अशातच वरच्या मजल्यावरच्या मंडळींनी चादरी पाठवायला सुरुवात केली.

वर एक मोठी खोली होती. दुपारी तिथं काही माणसं जमत. म्हातारी-कोतारी, एखादी नर्स, एखादा हमाल. गाणी नाहीत, व्याख्यान नाही. कसली मंडळी ते कुणी विचारलं नव्हतं. भाडं वेळेवर देतात आणि जिन्यात थुंकत नाहीत, एवढ्यावर गल्लीनं त्यांना सज्जन ठरवून टाकलं होतं.

त्यांच्या गाठोड्याला एक चिठ्ठी टाचलेली असायची. *धुवायच्या नाहीत. ओल वाळायच्या आत फक्त इस्त्री.*

"न धुता इस्त्री?" तोफ कडाडली. "अहो, डाग पक्का बसेल! कपड्याला काही अब्रू आहे की नाही?"

चादर उलगडून तिनं उजेडात धरली. पांढरीशुभ्र. घाम नाही, तेल नाही. फक्त मधोमध, माणसाच्या तोंडाच्या उंचीवर, वाटीएवढं ओलं वर्तुळ. डागांत तिचा जन्म गेला होता. हा डाग श्वासाचा होता. कुणीतरी कापडाला तोंड लावून श्वास सोडला होता.

तिनं चादर उलटी केली. ओल आरपार गेलीच होती. पण मागून तिची कड वेगळी होती, जरा लहान आणि नीट गोल. वर्तुळात वर्तुळ. समोरून कुणी तोंड लावावं आणि मागून आणखी कुणी, तसं.

"वन्सं, हे बघा."

वन्संनी बघितलं. "दव पडलं असेल."

"खोलीत?"

"मग तूच सांग."

तोफेनं इस्त्री जवळ ओढली.

२

ओल्या जागेवर इस्त्री टेकवली की फुस्स होतं. तोफेनं टेकवली. फुस्स झालं नाही.

झालं ते असं : "आ."

वाफेबरोबर वर आलं, हवेत जरासं थांबलं आणि विरलं. घसा बसलेल्या म्हातारीनं हळूच हाक मारायला तोंड उघडावं, तसं.

"काय म्हणालात?" तोफेनं हौदाकडं वळून विचारलं.

"मी? माझ्या तोंडात पिन आहे."

बाई हुशार. तिनं स्वतःशी विचार केला. चादर जाड सुताची, ओल खोल, बुडाला कुठंतरी खाच पडली असेल, त्यातून वाफ शिट्टीसारखी निघाली. शिट्टीला काय, ती आ करेल नाही तर ई करेल. तिनं इस्त्री उचलली आणि बूड तपासलं. गुळगुळीत. पुन्हा टेकवली, कडेला जरा ओल उरली होती तिथं.

"आ," वाफ म्हणाली. या वेळी थोडकं.

आणि टेबलाच्या टोकाला टकळीनं मान वर केली.

थंडी सरल्यापासून ती पोर मान खाली घालून बसलेली. तिचे डोळे वाफेवर होते. हातातला रुमाल खाली पडला. ओठ सुटे झाले, मग गोल झाले, वर्तुळाएवढे. आवाज निघाला नाही, पण तोंड उघडलं होतं.

संध्याकाळी तोफ तिची वेणी घालत होती. गुंता निघेना. तिनं फणी जरा जोरात ओढली आणि पोर ओरडली, "आऽ!"

फणी तोफेच्या हातातून पडली.

पोरीचाच गळा. हाताखाली थरथरलेला तिनं स्वतः अनुभवला. पण आवाज आठ-नऊ वर्षांच्या पोरीचा नव्हता. घसा बसलेला, जुना, कडेला खरखर असलेला आवाज. दुपारच्या वाफेतला.

तोफेच्या अंगावर सर्रकन काटा आला. मग तिनं पोरीला पोटाशी धरलं आणि रडली. हसत रडली, नाक पुसत रडली, दोन्ही एकदम. काटा आला होता तो आला होता. पण पोर ओरडली होती! दुधाची तहान ताकावर का होईना, पण घोट घशाखाली गेला होता.

३

दुसऱ्या दिवशी चादरी पोचवायला ती स्वतः वर गेली. दारात एक आजी बसायची, येणाऱ्या-जाणाऱ्यावर नजर ठेवून. तोफेला बघून म्हणाली, "ये, बस. चदरी अणल्यस?"

"आणल्या. आजी, कवळी घरी विसरलात काय?"

"दत अहेत सगळे." आजीनं दाखवले. होते.

मग तोफेच्या ध्यानात आलं. दातांचा प्रश्न नव्हता. म्हातारीच्या बोलण्यातून एकच गोष्ट गायब होती. पायाला ती पय म्हणायची, पाण्याला पणी. आ म्हणून जो काही आवाज असतो, तो तिच्या तोंडात कुठंच नव्हता. जबड्यातून दाढ काढावी तसा काढून घेतलेला. आणि उरलेला आवाज होता घसा बसलेला, जुना, कडेला खरखर असलेला.



"पोर बोलयल लगली क?" आजीनं विचारलं. "बोलायला लागली का" असं तिला म्हणायचं होतं.

"तुम्हाला कसं ठाऊक?"

"अम्ही सोडतो." आजी सावकाश, सोपे सोपे शब्द निवडून बोलली. "एकेक जण एकेक अक्षर. मग ते ज्यल हवं त्यच्यकडं जतं. कोणकडं, ते अम्ही विचरत नही."

"आणि तुम्ही आ सोडलात? अहो, आ सोडून काय बोलता येतं माणसाला? बाप नाही, आई नाही, बाळ नाही..."

"मझी अई गेली," आजी म्हणाली, "तेव्ह सोडल. हक मरयल कोणी उरलं नव्हतं."

उपकार मानायची तोफेला सवय नव्हती, भांडायची होती. ती म्हणाली, "तुमचं भलं होवो. आणि हे पायपुसणं दाराबाहेर टाका, धूळ सगळी आत येतेय." आजी हसली. तिला त्यातलं बरोबर ते कळलं.

मागं खोलीचं दार अर्धवट उघडं होतं. तोफेनं बघितलं नसतं तर ती तोफ कसली. भिंतीला समांतर एक दोरी बांधलेली. दोरीवर चादर. चादरीमागं वीतभर जागा आणि लगेच भिंत. मांजरसुद्धा आडवं उभं राहू शकणार नाही, एवढीच. चादरीसमोर जाड भिंगाचा चष्मा लावलेले एक गृहस्थ उभे होते. ते वाकले, कापडाला तोंड लावलं आणि बारीक आवाजात म्हणाले, "ई."

चादर मागं ढकलली जायला हवी होती. कापडावर फुंकर मारली की कापड मागं जातं. हे काही शाळेत शिकावं लागत नाही.

चादर पुढं आली. त्यांच्या ओठांवर मागून कुणीतरी ओठ टेकवल्यासारखी.

तोफ खाली आली आणि दिवसभर तिनं कुणाशी भांडण केलं नाही. वन्संनी विचारलं, "बरी आहेस ना?"

४

चादरी येत राहिल्या. ई आला, मग म, त, र. कुठला दिवस, कुठलं अक्षर, त्याचा हिशेब कुणी ठेवला नाही. तोफ इस्त्री टेकवायची, वाफ एकदा बोलायची, टकळी ती पिऊन टाकायची.

पोरीनं पहिला अख्खा शब्द म्हटला तो "आई." आ म्हातारीचा, ई त्या चष्मेवाल्या गृहस्थांचा. एका शब्दात दोन माणसं, आणि दोन्ही परकी. वन्संच्या हातून बादली सुटली. तोफ म्हणाली, "अगं, काय गं माझे राणी!" आणि तिला कडेवर उचलून घेतलं, एवढ्या मोठ्या घोडीला.

"वहिनी," वन्सं नंतर हळूच म्हणाल्या, "ही आपली पोर बोलत नाहीये. हिच्या तोंडातून बाजार बोलतोय."

"बाजार तर बाजार. आई म्हणाली ना?"

"पण तिचा आवाज कुठाय मग?"

"गेला तो गेला. फाटक्या शर्टाला ठिगळ लावून देतो की नाही आपण? उघडं फिरण्यापेक्षा बरं."

तिला खरंच बरं वाटत होतं. रोज सकाळी ती वरच्या जिन्याकडं बघून मनातल्या मनात हात जोडायची. कोण कुठली माणसं, नात्याची ना गोत्याची. आपल्या तोंडातलं काढून तिच्या पोरीच्या तोंडात घालत होती. कुणी करतं का असं? सख्खे करत नाहीत.

भीती वाटायची ती मधेच, न सांगता. एकदा नवऱ्याचा फोन आला. टकळी धावत गेली आणि "बाबा, कधी येणार?" म्हणाली. तिकडून त्यानं विचारलं, "घरात कोण कोण आलंय गं? किती माणसं आहेत?" टकळी खिदळत सुटली, आणि तिच्या हसण्यात एक हमाल होता, एक नर्स होती.

दुसऱ्यांदा जिन्यात ते चष्मेवाले गृहस्थ भेटले. टकळीनं त्यांना आयुष्यात पहिल्यांदाच बघितलं होतं. ती थबकली, बोट दाखवलं आणि म्हणाली, "आई, हा माझा ई. याचा खोकला माझ्या ई मधे पण येतो."

गृहस्थ खोकले. मग पोरीकडं बघून त्यांनी मान झुकवली, फार आदरानं, आणि वर निघून गेले. तोफेला वाटलं, माणूस देवळातून बाहेर पडताना अशी मान झुकवतो. किंवा प्रेतासमोर.

५

मग गिऱ्हाइकातल्या एका बाईनं विचारलं, "नाव काय गं तुझं?"

पोरगी तोंड उघडून म्हणाली, "टक..."

आणि अडकली. जीभ वर गेली, मागं वळली आणि तिथं तिला काही सापडलं नाही. पुन्हा "टक..." पुन्हा तेच. तिचे डोळे मोठे झाले. गिऱ्हाईक बाई हसली, "टक? घड्याळ आहेस का?"

तोफेनं त्या बाईचे कपडे तिच्या अंगावर फेकले. तिथवर ठीक. पण त्या दिवसापासून पोरीचे शब्द गळायला लागले. सकाळी र गेला. दोन घास खाईस्तोवर म. चार दिवसांनी संध्याकाळी ती आईच्या कमरेला मिठी मारून म्हणाली, "आ..." आणि पुढं ई आलाच नाही. ती वाट बघत राहिली, तोंड उघडं टाकून. जिना चढताना एक पायरी कमी निघावी तशी.

तोफ तशीच वर गेली. पायसुद्धा पुसले नाहीत.

"आजी, परत का घेताय? काय चुकलं आमचं?"

"अम्ही घेत नही." आजी उठून उभी राहिली. "एक अक्षर रहिलं. एक रहिलं की बकीची थंबत नहीत. परत जतत."

"कुठलं राहिलं?"

आजीनं जीभ मागं वळवली आणि दाखवलं. "ळ. तो कोणी सोडत नही. त्यनं शब्द सुरूच होत नही, मग अठवेल कोणल? ण तसलच, पण तो त्य नर्सबईंनी सोडल केव्हच. ळ तसच रहिल. रंगेत शेवटी उभ्य रहणऱ्य मणसकडं कोण बघतंय."

रांगेत शेवटी उभं राहणं म्हणजे काय, हे तोफेला कुणी सांगायला नको होतं.

"मी सोडते."

"तू अमच्यतली नहीस."

"नाही. मी तिची आई आहे."

"तिचं नव," आजी म्हणाली. "मग तुझ्य तोंडी तिचं नव येणर नही."

म्हणजे टकळी म्हणता येणार नाही. बाळ म्हणता येणार नाही. जवळ ये म्हणता येणार नाही. तोफेनं एवढा विचार केला आणि मग फटकन म्हणाली, "मी नाही म्हणाले तर काय अडलं? ती म्हणेल. तिचं तिलाच म्हणता येत नसेल, तर माझ्या तोंडात ठेवून त्याचं काय लोणचं घालू?"

६

दुपारचं ऊन खोलीत आडवं पडलं होतं. बाकीची मंडळी भिंतीला टेकून बसली होती. दोरीवर तिचीच परीटघडी केलेली चादर. घडीच्या रेघासुद्धा अजून मोडल्या नव्हत्या.

ती समोर उभी राहिली. नुसता ळ म्हणायचा म्हणजे काय, हे तिला आधी कळेना. त्याला आधाराला कुणीतरी लागतं. ती वाकली, कापडाला ओठ लावले, जीभ मागं वळवली आणि टाळूवरून पुढं सोडली. "ळ."

श्वासानं सूत ओलं झालं आणि मागून ओठ आले.

लहान ओठ. गार नव्हते, ऊबदार होते. तिला ओरडून मागं सरायचं होतं, पण आत काहीतरी चालू होतं. जिभेखालून एक धागा उसवत होता, अगदी सावकाश, न दुखता. अर्धवट उसवलेली शिवण मधेच सोडली तर अख्खा कपडा जातो. ती हलली नाही.

ओलं सूत अंगाला चिकटलं की आरपार दिसतं. हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक असणार. मान सरळ करताना वर्तुळ तिच्या डोळ्यांसमोर आलं, आणि त्यातून दिसलं.

तोंड. उघडं. आत जीभ मागं वळलेली, टाळूला टेकलेली, शिकणाऱ्या पोराची असते तशी, बरोबर जमतंय ना असं विचारत. आणि पुढच्या दातांतला एक दात, त्याचा कोपरा उडालेला.

मागच्या थंडीच्या आधी टकळी याच जिन्यात पडली होती. तिच्या पुढच्या दाताचा कोपरा तेव्हाच उडाला होता. दुधाचा दात. तो पडून आता तिथं नवा, अख्खा, मोठा दात आला होता. आज सकाळीच तोफेनं तो बघितला होता.

ओलं सूत मागून सुटलं. चादर पांढरी झाली. मागं भिंत.

"दिसलं कही?" आजीनं विचारलं.

तोफ म्हणाली, "नाही." तिला काळजी करू नका म्हणायचं होतं. जीभ मागं वळली आणि तिला तिथं काही सापडलं नाही. "घोर करू नका," ती म्हणाली.

ती चादर तिनं स्वतः खाली नेली, स्वतः इस्त्री केली. वाफ बोलली आणि तो आवाज वन्संनीही ओळखला, कारण त्या आवाजाशी त्यांनी निम्मं आयुष्य भांडण केलं होतं. टकळीनं तोंड उघडलं. "टकळी," ती म्हणाली. मग पुन्हा, मोठ्यानं, टाळ्या पिटत, "टकळी! आई, मी टकळी!" नावाच्या शेवटी आईचा आवाज होता, खणखणीत, भांडकुदळ.

गेलेली अक्षरं रात्र पडायच्या आत परत आली आणि पुन्हा कधी हलली नाहीत.

७

आता तोफेची गंमत होती. काळा कोट घेऊन गिऱ्हाईक आलं की ती विचारायची, "हा रात्रीच्या रंगाचा कुणाचा?" वन्सं म्हणायच्या, "अगं, काळा म्हण की!" तोफ म्हणायची, "नाही म्हणत जा." सारं, सवड, इकडं ये, समजलं का. शब्दांना काय तोटा? पोरीला ती पोरी म्हणायची आणि पोरीची टकळी दिवसभर चालायची. हमाल, नर्स, म्हातारी, चष्मेवाले, आई. दुकान भरलेलं वाटायचं.

वरून न धुतलेल्या चादरी अजून येत होत्या. कुठल्यातरी दुसऱ्या घरच्या मुक्या पोरासाठी असतील, तोफेनं विचारलं नाही. तिनं फुकट इस्त्री करायला घेतल्या. आजी नको म्हणाली, तेव्हा तोफ तिच्यावर ओरडली. हात जोडायची तिची तीच पद्धत होती.

एका दुपारी गाठोड्यातल्या शेवटच्या चादरीवर तिनं इस्त्री टेकवली.

"आई," वाफ म्हणाली.

अक्षर नाही, अख्खी हाक. आणि ना म्हातारीची, ना चष्मेवाल्यांची. कोवळी, उतावीळ, शेवटी जराशी उंच जाणारी. मागच्या थंडीपर्यंत या दुकानात दिवसातून शंभरदा मारली जायची ती.

टेबलाच्या टोकाला पोरीचे हात थांबले. ती उठली, आली आणि तिनं आईचं मनगट धरलं. नखं रुतली.

"आई," ती सगळ्यांच्या आवाजात म्हणाली, "ओ देऊ नकोस."

"आई," वाफ म्हणाली. थोडकी उरली होती.

वन्सं हौदापाशी उभ्या होत्या, हातातून पाणी गळत होतं. त्यांनी मान हलवली. नको.

तोफेनं दोघींकडं बघितलं. मग चादरीवरच्या वर्तुळाकडं. तिला उडालेल्या कोपऱ्याचा तो दात आठवला आणि ती जीभ, जमतंय ना असं विचारणारी. वीतभर जागेत उभं राहून, एकेक परकं अक्षर तोंडात घेऊन, ज्यानं ते इकडं ढकललं ते कोण होतं? म्हातारीनं सोडलं, नर्सनं सोडलं, खरं. पण पोचवलं कुणी? आपल्या वाटचं एकही अक्षर मागं न ठेवता, सारं इकडच्या पोरीला कुणी दिलं? मंडळींचे उपकार तिनं रोज मानले. चादरीमागच्या हिचे मानायचे राहूनच गेले होते. आणि आज तिनं काय मागितलं? साधी ओ.

भीती होतीच. पण भीतीपोटी कुणाचे उपकार बुडवायचे, हे तिच्या रक्तात नव्हतं.

ती वाकली, वाफेत तोंड नेलं आणि म्हणाली, "ओ."

जिभेखालून धागा उसवला. या वेळी सावकाश नव्हे, एका हिसक्यात. चादरीवरचं वर्तुळ आतल्या बाजूनं मिटत गेलं. ओठ मिटतात तसं, समाधानानं. मग नुसतं कोरडं, गरम कापड उरलं.

पोर रडायला लागली. तोफेनं तिला उराशी घेतलं. "पोरी" म्हणायला तोंड उघडलं आणि त्यातला ओ तिथं नव्हता. तिनं जरा शोधलं. गिऱ्हाइकांना, शिंप्यांना, वकिलांना पुरून उरलेलं तोंड ते. देवानं चार बायकांचं एकटीला दिलं होतं, कशासाठी ते आज समजलं. दुकान, गल्ली आणि भांडणं यांना पुरून अजून बरंच बाकी होतं. चादरीमागच्या दुसऱ्या लेकीला पुरेल, एकेक अक्षर करून.

"बये," ती म्हणाली, "रडू नकस... रडायचं नाही." आणि वन्संकडं वळून हात पुढं केला. "बघताय काय? वर जाऊन पुढची चादर आणा."